बाकाजवळ ऐकलेलं

१० सप्टेंबर

आदरणीय ताई,

"तू तिथे नक्की कोणाची माणूस?" आईने परवा विचारलं. मी संघाची नाही. पण संघाच्या बाकाला खेटून उभी असते. वाहिनीची आहे म्हणावं, तर वाहिनीची सगळी माणसं बाहेर उभ्या असलेल्या प्रक्षेपणाच्या गाडीत नाहीतर स्टुडिओत बसतात. गवताच्या कडेला वाहिनीच्या वतीने फक्त मी आणि आपले कॅमेरावाले मामा. आईला म्हटलं, "प्रेक्षकांची." ती म्हणाली, "त्यांना विचारलंस का?"

मी तुमच्या जागेवर आले आहे. फुटबॉलच्या सामन्यांना मैदानाच्या कडेवरून बातमी द्यायची, जे तुम्ही सात वर्षं केलंत. इथे मला 'नवी' म्हणतात. ड्रायव्हरपासून साहेबांपर्यंत सगळे तुम्हाला अजून 'ताई'च म्हणतात, म्हणून मीही म्हणते. कपाटात तुमचा कोट होता, तो मला मिळाला. बाह्या लांब आहेत, पण ऊब छान आहे. आईला मी सांगितलं की कानातलंसुद्धा मिळालं, ज्यातून साहेब गाडीतून सूचना देतात. तिला वाटलं कंपनीने दागिना केला.

आमच्या घरात पदवी घेतलेली मी पहिलीच. बाबा गोदामावर पहारेकरी आहेत. त्यांनी माझ्या पदवीचा कागद टीव्हीच्या बरोबर वर लावलाय, म्हणजे मी दिसले की वर कागदही दिसावा. असं असताना चुकून चालणार नाही, म्हणून लिहिते आहे.

फोन तीनदा केला, तुम्ही उचलला नाहीत. मामांनी पत्ता दिला आणि म्हणाले, "ती फोनवर बोलत नाही. लिही."

एक विचारू? तुम्ही ही नोकरी का सोडलीत? साहेब म्हणतात तुम्हाला कंटाळा आला. ड्रायव्हर म्हणतो तुम्हाला काढलं. दुसरा कोणी म्हणतो संघाच्या आतल्या बातम्या बाहेर जात होत्या, आणि मग वाक्य अर्धवट सोडून चहा प्यायला जातो. मामांना विचारलं की ते भिंग पुसायला लागतात. मला खरं काय ते कळलं तर मी त्याच खड्ड्यात पडणार नाही.

तुमची,
नवी


१९ सप्टेंबर

नवी,

पहिल्याच पत्रात नोकरी का सोडली हे विचारणारी मुलगी एक तर फार सरळ असते, नाहीतर तिला कोणीतरी पाठवलेलं असतं. तू कुठली ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

कोट ठेव. बाह्या दुमड, कापू नकोस.

कामाचं सांगते. मामांच्या उजव्या हाताला उभी राहा. कॅमेरा वळला की डावीकडच्याला कोपर बसतं. सामना हरल्यावर प्रशिक्षकाला पहिला प्रश्न हवेबद्दल विचार, दुसरा हरण्याबद्दल. खेळाडूंच्या विनोदावर हस, पण त्यांच्या आधी हसू नकोस. दुखापतीबद्दल संघाचे डॉक्टर सामन्याआधी जे सांगतील तेवढंच बोलायचं. ते 'पूर्ण बरा' म्हणाले की पूर्ण बरा, मग तो लंगडत का असेना. हा तिथला नियम आहे. मला कधी पटला नाही, पण मी पाळला.

आता तू सांग. गाडीत हल्ली कोण कोण बसतं? बाकावर तुझ्याशी कोण बोलतं? आणि बगळ्याचा खांदा कसा आहे? पहिल्यांदा निखळला तेव्हा मी चार हातांवर होते. एवढा ताडमाड गोलरक्षक, आणि लहान मुलासारखा आईला हाक मारत होता. नंतर मला म्हणाला, "ताई, हे टीव्हीवर गेलं नाही ना?"

फोन करू नकोस. कारण विचारू नकोस.

ताई


६ ऑक्टोबर

आदरणीय ताई,

मला कोणी पाठवलेलं नाही. सरळच आहे. घरी त्यावरून बोलणी खाते.

तुमचा हवेचा प्रश्न चालला! प्रशिक्षक वाऱ्यावर एवढे भडकले की हरण्याचा राग त्यातच निघून गेला.

गाडीत साहेब असतात, आवाज सांभाळणारे गृहस्थ असतात, ज्यांना सगळे 'कान' म्हणतात, आणि पडदे बघणारी दोघंतिघं. सामन्याआधी आणि सामना चालू असतानाही आपले जाणकार चहाला येऊन बसतात. तेच, जुने नावाजलेले खेळाडू, सामना संपल्यावर मैदानावरच्याच स्टुडिओत विश्लेषण करतात ते. फार मायाळू माणूस. पहिल्या दिवशी माझे पाय दुखत होते तर स्वतः खुर्ची उचलून आणली. "पोरी, उभं राहून राहून म्हातारी होशील."

बाकावर बगळा बोलतो. परवा मध्यंतरानंतर त्याला बाहेर बसवलं तेव्हा माझ्या शेजारी आला, मोजे खाली सरकवले आणि पुढे बघत हळूच म्हणाला, "डावा हात खांद्याच्या वर जात नाही. डॉक्टरांना माहीत आहे. तू बोलू नकोस हां." मी म्हटलं, "मग खेळता कशाला?" तर म्हणाला, "मी बसलो तर माझ्या जागी दुसरा उभा राहील, आणि तो चांगला आहे. तीच तर भीती."

सामन्यानंतरही डॉक्टरांनी 'पूर्ण बरा'च सांगितलं. मी तेच बोलले. पदवीच्या शेवटच्या वर्षी मी 'बातमीदाराचं कर्तव्य' यावर लांबलचक निबंध लिहिला होता. त्यात अशा प्रसंगाबद्दल एक ओळ नाही.

पण त्याने माझ्यावर विश्वास टाकला, याचा आनंद झाला हेही खरं. मी कोणालाही सांगितलेलं नाही. फक्त तुम्हाला, कारण तुम्ही विचारलंत.

तुमची,
नवी


२० ऑक्टोबर

नवी,

परवाचा सामना पाहिला. वाईट वाटलं, आणि मग वाईट वाटणं थांबून डोकं चालायला लागलं.

प्रतिपक्षाचे सगळे फटके त्याच्या डाव्या खांद्याच्या वर. सगळे! ज्यांना जमिनीवरून मारायची सवय, तेही उंच मारत होते. ठरवून आल्याशिवाय असं होत नाही. चार गोल झाले, आणि चौथ्याला त्याने हात उचललाच नाही.

डॉक्टर टीव्हीवर 'पूर्ण बरा' सांगतात आणि समोरच्यांना खांदा नेमका माहीत असतो. तू कोणाला सांगितलंस? आठव. बसस्टॉपवर, घरी, मैत्रिणीला, गंमत म्हणून? कोणाला तरी सांगितलं असशील. तुझ्या वयात गुपित पोटात राहत नाही.

मलाही हे एकदा विचारलं गेलं होतं. तेव्हा मी उत्तर दिलं नाही आणि लोकांनी आपापलं उत्तर काढलं. तू ती चूक करू नकोस. आठवून मला लिही.

ताई


२ नोव्हेंबर

ताई,

मी आठवलं. बसस्टॉपवर नाही, घरी नाही, मैत्रिणीला नाही. जगात फक्त एका माणसाला सांगितलं, आणि ते माणूस तुम्ही आहात.

संघाच्या व्यवस्थापकांनी बोलावलं होतं. लांबट टेबल, पलीकडे ते आणि डॉक्टर, अलीकडे मी. पाणीसुद्धा विचारलं नाही. व्यवस्थापक म्हणाले, "खांद्याबद्दल बगळ्याला माहीत, डॉक्टरांना माहीत. बाकावर शेजारी कोण होतं, तर तू. आता आम्ही काय समजायचं?" मी म्हटलं मी कोणाला सांगितलं नाही. ते म्हणाले, "तुझ्या आधीची होती तेव्हाही हेच झालं." डॉक्टर नुसते पेन उघडत होते, मिटत होते.

आता मला बाकापासून बरंच लांब उभं करतात. बगळा माझ्याकडे पाठ करून बसतो. आख्खा संघ पाठ करून बसला तरी चाललं असतं ताई, पण त्याची पाठ बघवत नाही.

मी तुमची पत्रं पुन्हा काढून वाचली. गाडीत कोण बसतं, माझ्याशी कोण बोलतं, खांदा कसा आहे. हे तुम्हाला कशाला हवं होतं? तुम्ही फोनवर का येत नाही? नोकरी का सोडली ते का सांगत नाही? एखाद्याला लपवायचं काही नसेल तर तो इतकं लपवतो का?

साहेबांनी विचारलं, "बाहेरचं कोणी तुझ्याकडे चौकशी करत होतं का?" मी खोटं बोलत नाही. मी सांगितलं, ताईंनी पत्रातून खांद्याचं विचारलं होतं.

मी चुकत असेन तर मला चूक दाखवा. मनापासून सांगते, दाखवाच.

नवी


१५ नोव्हेंबर

तुझ्या आधीचीकडून,

दाखवते.

इथल्या रेडिओवर खेळांचा आठवड्याचा कार्यक्रम सुरू व्हायचा आहे. लिहायचा आणि वाचायचा. दोन वर्षं मी त्या एका दारावर टकटक करते आहे. गेल्या महिन्यात तिथल्या बाईंनी सांगितलं, डिसेंबरपासून या. माझा स्वतःचा आवाज, माझं लिहिणं, कोणाच्या बाकाला खेटून उभं राहायचं नाही. मी नवीन चप्पल घेतली होती, एवढी मूर्ख.

गेल्या आठवड्यात त्यांची चार ओळींची चिठ्ठी आली. तुमच्या जुन्या वाहिनीतून काही गोष्टी कानावर आल्या आहेत, तूर्तास थांबू या.

शाबास. तुझ्या एका वाक्याने झालं. की ते वाक्य तुझं नव्हतंच? मला पहिल्या दिवसापासून वाटत होतं की हे सरळ, गोड पत्र कोणीतरी शेजारी बसून लिहवून घेतलंय. त्याने सांगितलं असेल, विचार तिला, का सोडलीस. बघू काय ओकते. मी ओकले नाही, म्हणून मग खांद्याचं निमित्त काढलं.

आणि साहेब! त्या माणसाला मी बापाच्या जागी मानलं होतं. दोन वर्षांपूर्वी, ऐन सामन्यात, माझी दाढ ठणकत होती. चेहरा हसरा ठेवून फक्त मामांच्या कानात पुटपुटले, दुसऱ्या कोणाला कळायचं कारण नव्हतं. तरी मध्यंतराला गाडीतून गोळी आणि पाणी आलं. मला रडू आलं होतं, इतकी काळजी! तेच साहेब आज माझ्या पोटावर पाय देतात.

पुन्हा लिहू नकोस. लिहिलंस तर उघडणार नाही.


२१ नोव्हेंबर

ताई,

उघडणार नाही म्हणालात, म्हणून पाकिटावरच 'दाढेबद्दल' असं लिहिलंय. रागाने का होईना, उघडाल असं वाटलं.

रेडिओचं वाचून दोन दिवस जेवण गेलं नाही. मी साहेबांना खरं तेच सांगितलं होतं, पण ते कशासाठी विचारताहेत याचा विचार केला नाही. खरं बोलले म्हणून मी सुटत नाही. त्याबद्दल माफी मागायची आहे, पण रिकाम्या हाताने नाही.

मला कोणी लिहवत नाही. अक्षर बघा, कोणी शेजारी बसलं असतं तर एवढी खाडाखोड करू दिली असती का?

मला दोनच गोष्टी सांगा. तुम्ही मामांच्या कानात पुटपुटलात, मग गाडीत ते कसं कळलं? मामांनी सांगितलं म्हणावं, तर मी त्यांना विचारलं. ते म्हणाले, "मी कॅमेऱ्याला डोळा लावून होतो, हलणार कसा?" तेव्हा माईक तुमच्या हातात होता का?

आणि ती गोळी हातात कोणी आणून दिली?

नवी


२ डिसेंबर

नवी,

उघडलं. रागानेच.

माईक माझ्या हातातच होता. पण बटण बंद होतं. ते मी दर वेळी स्वतः बंद करायची, अंगठ्याला सवयच होती. गोळी साहेबांनी पाठवली असं जाणकार म्हणाले. हो, तेच घेऊन आले होते, पाण्याच्या बाटलीसकट. "साहेबांना तुझी फार काळजी." मी साहेबांचे आभारही मानले होते नंतर. ते म्हणाले, "कसली गोळी?" मला वाटलं, मोठ्या मनाचा माणूस, केलेलं बोलून दाखवत नाही.

हे लिहिता लिहिता माझा हात थांबला. तूही वाचताना थांबली असशील.

आता तुझ्या जुन्या प्रश्नाचं उत्तर. तू मागितलं होतंस तेव्हा दिलं नाही, कारण माझा तुझ्यावर भरवसा नव्हता. आजही पूर्ण नाही. पण तू पाकिटावर 'दाढेबद्दल' लिहून पोस्टात टाकणारी मुलगी आहेस. असल्या मुलीला कारस्थान जमणार नाही.

माझा डावा कान गेला आहे. सात वर्षं त्याच कानात कोणीतरी ओरडत होतं आणि बाहेरून आख्खं मैदान ओरडत होतं. आधी शिट्टी वाजायला लागली, मग शिट्टीही गेली. उजव्यात समोरासमोरचं बोलणं येतं, पण फोनवरची नुसती खरखर. म्हणून फोन नाही. शेवटच्या मोसमात साहेब कानात काय सांगताहेत ते मी अंदाजाने करत होते. एकदा 'थांब' म्हणाले आणि मी बोलतच राहिले. कोणाला कळायच्या आत मी निघाले.

त्याच सुमारास बातम्या फुटल्याची बोंब झाली आणि लोकांनी दोन्ही जोडलं. मी जोडू दिलं. चोर समजले तर लोक निदान चिडतात. बहिरी म्हटलं की खांद्यावर हात ठेवून मोठ्याने, सावकाश बोलायला लागतात. आणि रेडिओवाल्या बाईंना कान गेलेली बाई नको असणार. तिथे आवाज तपासतात, कान नाही, एवढ्यावर मी भिस्त ठेवली होती.

हे घरीसुद्धा कोणाला माहीत नाही. हे पत्र तू साहेबांना दाखवू शकतेस. दाखवलंस की नाही, ते मला कळेलच.

ताई


२२ डिसेंबर

प्रिय ताई,

तुमचं पत्र कोणालाही दाखवलेलं नाही. मामांनाही नाही. उत्तराला उशीर झाला, कारण सांगण्यासारखं पुरं व्हायची वाट बघत होते.

आधी मी 'कान' यांच्याकडे गेले. ते गाडीमागे बसून वायरी गुंडाळत होते. मी साळसूदपणे विचारलं, "काका, माझ्या माईकचं बटण बंद असलं की तुम्हाला काही ऐकू येत नाही ना?" ते हसायलाच लागले. "अगं, ते बटण चालतं कुठे? तुम्ही पोरी ऐन वेळी सुरू करायला विसरता आणि बोंब आमच्या नावाने होते. म्हणून आम्ही ते आतून जोडूनच टाकतो. माईक कायम चालू. टीव्हीवर आवाज कधी सोडायचा ते मी इथून ठरवतो."

"मग मधल्या वेळात?"

"मधल्या वेळात गाडीत येतो आवाज. मी ऐकतो. तू गुणगुणतेस, छान गुणगुणतेस."

"आणखी कोण ऐकतं?"

"मी, साहेब. आणि ते खुंटीवरचे जादा हेडफोन जाणकार लावतात चहा पिताना. म्हणतात, मैदानाचा आवाज ऐकला की जुने दिवस आठवतात." मग माझा चेहरा बघून त्यांचे हात थांबले. "तुला कोणी सांगितलं नव्हतं?"

ताई, सात वर्षं तुमचा अंगठा जे बटण बंद करत होता, ते बटण नव्हतंच. आणि बगळ्याने खांद्याचं सांगितलं तेव्हा माझ्या मांडीवर तोच माईक होता. गुपित मीच फोडलं, तोंड न उघडता.

पण व्यवस्थापकांना नुसतं सांगून ते कशाला ऐकतील? माझ्या शब्दाला तिथे काय किंमत होती? म्हणून त्यांना एवढंच म्हटलं, पुढच्या सामन्याआधी फक्त पाच मिनिटं माझ्यापासून थोडं दूर उभे राहा आणि मला काहीही विचारू नका. त्यांना वाटलं मी कबुली देणार, म्हणून आले. मामांना सगळं सांगून ठेवलं होतं. ती चूक झाली, कारण मामांना नाटक येत नाही.

मी बटण 'बंद' केलं. गाडीकडे पाठ केली. हळूच म्हटलं, "मामा, दाढ फार ठणकतेय. खालची, डावीकडची."

मामा मैदानभर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "अरे देवा! दाढ? मग आता कसं व्हायचं गं तुझं?"

मी डोळे वटारले. ते परत कॅमेऱ्यात घुसले. मग काहीच झालं नाही. व्यवस्थापक घड्याळ बघायला लागले. वाटलं, मी एका भल्या माणसाबद्दल मनात पाप आणलं, आधी तुमच्याबद्दल आणलं तसंच. माझी ती सवयच होत चालली की काय? हा एकच विचार चालू होता, तेवढ्यात गाडीकडून जाणकार येताना दिसले. हातात पाण्याची बाटली. चेहऱ्यावर तेच मायाळू हसू.

"पोरी, साहेबांनी गोळी पाठवली. घे, बरं वाटेल."

व्यवस्थापक पुढे आले. "काय झालंय हिला?"

"दाढ दुखतेय बिचारीची."

"असं? कोणती?"

"खालची डावी," जाणकार म्हणाले.

माझ्या हातातल्या माईककडे बघितलं, मग व्यवस्थापकांकडे. म्हणाले, "चेहऱ्यावरून कळतं हो." व्यवस्थापक म्हणाले, "ती पाठमोरी होती."

पुढचं मला बंद दाराबाहेरून जेवढं कळलं तेवढं सांगते. गाडीत ऐकलेल्यावरून जाणकार दुसऱ्या दोन संघांना मैत्रीखातर सल्ला देत होते. मैत्रीखातर हा शब्द त्यांचाच. साहेबांना गोळीची काहीच कल्पना नव्हती. ना तुमच्या वेळी, ना माझ्या वेळी. त्यांच्याबद्दल तुमचा गैरसमज झाला होता, पण अर्धाच. उरलेला अर्धा पुढे ऐका.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी बोलावलं. या वेळी पाणी विचारलं, चहाही. म्हणाले, जाणकार प्रकृतीच्या कारणाने रजेवर जातील, संघ आणि वाहिनी दोघांनाही बोभाटा नको, पुढच्या मोसमात मला स्टुडिओत बसवतील. जाणकारांच्याच खुर्चीवर म्हणा ना. मी विचारलं, "आणि ताईंचं काय?"

"तिचं काय? ती केव्हाच गेली."

"रेडिओवाल्या बाईंना आपण फोन केला होता. तो मागे घ्यायला हवा."

"आपण फोन केला, असं आपण कधी म्हटलं?" साहेब चष्मा पुसत म्हणाले. मग जरा हळू आवाजात, "हे बघ, नवी. घरचं जरा बघ. वडिलांना किती कौतुक आहे तुझं."

बाबांचं नाव त्यांनी काढायला नको होतं. मला त्या भिंतीवरचा कागद दिसायला लागला, आणि त्याच्याखाली स्टुडिओतल्या खुर्चीत बसलेली, 'पूर्ण बरा' म्हणणारी मी.

काल शेवटचा सामना होता. बगळा खेळला नाही. त्याने स्वतःहून डॉक्टरांना सांगितलं, बसतो. त्याच्या जागी आलेला मुलगा खरंच चांगला आहे. बगळा माझ्याकडे तोंड करून बसला होता. म्हणाला, "तुझ्याशी बोलायचं तर आता खुणांनीच बोलावं लागेल." आणि लांब हात, उजवा, पंखासारखा हलवून दाखवला.

आईचा फोन येऊन गेला. म्हणाली, "नोकरी गेली का गं?" मी म्हटलं, "गेली असणार." मागून बाबांचा आवाज आला, "तिला विचार, जेवली का?" आईने तिचा तो जुना 'कोणाची माणूस?' विचारला नाही. बाबांनी भिंतीवरचा कागद काढलेला नाही, एवढं विचारून घेतलं.

तुम्ही सामना लावला असेल, पण मैदानाच्या गोंगाटात माझं बोलणं तुम्हाला लागलं नसेल. म्हणून शब्द न बदलता इथे लिहिते. मध्यंतराला स्टुडिओतून विचारलं, "बाकावर काय वातावरण आहे?" बटण न दाबता मी तुमचं पूर्ण नाव घेतलं आणि म्हणाले:

"माझ्या आधी सात वर्षं त्या इथे उभ्या होत्या. या बाकावरच्या खासगी गोष्टी बाहेर जात होत्या आणि त्यासाठी त्यांच्याकडे बोट दाखवलं गेलं. या वेळी ते बोट आधी मी दाखवलं. ते खोटं होतं. गोष्टी बाहेर गेल्या त्या या माईकमधून. याचं बटण चालत नाही. हे वाहिनीला माहीत आहे, संघाला माहीत आहे, आता तुम्हालाही माहीत झालं. ज्यांना त्यांच्याबद्दल काही वेगळं सांगितलं गेलं असेल, त्यांनी कृपया ते विसरावं."

साहेब कानात ओरडत होते, "तोड! तोड तिला!" पण 'कान' यांनी आवाज खाली केला नाही. आणि मामा, ज्यांना नाटक येत नाही, त्यांनी कॅमेरा माझ्यावरून हलवला नाही.

तुमच्या कानाबद्दल मी अवाक्षर काढलं नाही. ते तुमचं आहे. सांगायचं की नाही, ते तुम्ही बघा.

मग मी कानातलं काढून बाकावर ठेवलं, शेजारी माईक ठेवला, आणि तुमचा कोट घालून, बाह्या दुमडून, प्रेक्षकांच्या दाराने बाहेर पडले.

तुमची,
नवी